यादोबाने जिंकलेला टॉवरचा दावा

एका तालुक्याच्या गावात, नव्या वसाहतीच्या अगदी शेवटच्या घरात, एक भोळा गवंडी राहायचा. नाव यादोबा. हात असा, की ओळंबा न लावता भिंत सरळ उभी करायचा. डोकंही तसंच सरळ. सांगितलेली गोष्ट आत गेली की जशीच्या तशी बाहेर यायची. वाटेत कुठे वळण म्हणून घ्यायची नाही.

घर त्याने स्वतःच्या हाताने बांधलं होतं. आठवडाभर लोकांची घरं बांधायची आणि सुट्टीला आपलं, असं करत चार वर्षांत ते उभं राहिलं. दोन खोल्या, पुढे पडवी, विटामातीच्या भिंती, वर पत्रा. त्याची बायको हौसा त्या घरावर जीव टाकायची. उंबऱ्याला हळदीकुंकू लावल्याशिवाय सकाळचा चहा घ्यायची नाही.

शेजारचा प्लॉट रिकामा होता. मालक शहरात. एके दिवशी तिथे एक ट्रक आला आणि लोखंड उतरवून गेला. मग खोदकाम करणारं यंत्र आलं. यादोबाच्या स्वयंपाकघरापासून चार फुटांवर खड्डा झाला, खड्ड्यात सिमेंट पडलं आणि महिन्याभरात मोबाइलच्या टॉवरचे दोन टप्पे उभे राहिले. आणखी चार टप्पे बाकी होते.

हौसा अंगणात उभी राहून मान मागे टाकून बघत राहिली.

"अवो, ह्ये आपल्या घरावर पडलं तर?"

यादोबाने एक डोळा मिटून टॉवर पाहिला. "न्हाई पडायचं. ओळंब्यात हाय."

"ओळंब्यात हाय म्हणं! ह्या हादऱ्यानं रातंदिस भांडी वाजत्यात माझी. काय बी करा, पर माझं घर वाचवा."

एवढं एकच तिने मागितलं. यादोबाने मान डोलावली.

वसाहतीत सगळ्यांनाच टॉवर नको होता. टपाल खात्यातून निवृत्त झालेले कुंभोजकर अण्णा वसाहतीचे सेक्रेटरी. त्यांनी बैठक बोलावली, कोर्टात दावा लावायचं ठरलं. सगळ्यात जवळचं घर यादोबाचं, तेव्हा कागदावर सगळ्यात वर नाव यादोबाचं. वादी क्रमांक एक. आयुष्यात पहिल्यांदा यादोबाचा कशात तरी पहिला नंबर आला होता. तो आठवडाभर इस्त्रीची टोपी घालून विटा वाहत होता.

वकील होत्या प्रभुणे बाई. तालुक्यात त्यांचा असा दरारा, की समोरचा वकील त्यांना बघून आधी घोटभर पाणी प्यायचा. पहिल्या तारखेच्या आदल्या दिवशी त्यांनी यादोबाला ऑफिसात बोलावलं.

"यादोबा, ऐका. कोर्टात कोणी विचारल्याशिवाय तोंड उघडायचं नाही."

"बरं बाईसाहेब. ध्यानात ठेवतो."

आणि त्याने ध्यानात ठेवलं. सगळी पंचाईत तिथेच होती. माणूस जरा विसरभोळा असता, तर हा दावा केव्हाच सुटला असता.

दुसऱ्या दिवशी यादोबा कोर्टात पहिल्या बाकावर जाऊन बसला. बाई शेजारच्या कोर्टात दुसऱ्या कामात अडकल्या होत्या. पट्टेवाल्याने दारात उभं राहून पुकारा केला.

"यादोबा गुणाजी शेलमोहकर!"

यादोबाने ओठ घट्ट मिटले. नाव त्याचंच होतं, पण त्यात कोणी काही विचारलेलं नव्हतं.

"यादोबा गुणाजी शेलमोहकर!"

यादोबाने तोंडावर रुमाल धरला.

तिसरा पुकारा झाला. न्यायाधीश साहेबांनी खाली बसलेल्या कारकुनाला विचारलं, "वादी गैरहजर?"

"गैरहजर, साहेब."

यादोबाला वाईट वाटलं. स्वतःच्या दाव्याला येत नाही म्हणजे काय माणूस आहे! साहेबांनी दावा काढून टाकण्यासाठी पेन उचललं, तेवढ्यात बाई काळा कोट सावरत धावत आल्या.

"साहेब, वादी हजर आहे! हा काय, तुमच्या समोरच बसलाय!"

साहेबांनी चष्म्यावरून पाहिलं. "तुम्हीच यादोबा का?"

आता विचारलं होतं. यादोबा उठून उभा राहिला. "व्हय साहेब. मगाधरनं."

बाहेर आल्यावर बाईंनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"यादोबा, ऐका. आपलं नाव कोणी पुकारलं, की हात वर करायचा आणि मोठ्याने 'हजर' म्हणायचं. कुठेही असा. काय?"

"बरं बाईसाहेब. ध्यानात ठेवतो."

पुढच्याच आठवड्यात नगरपालिकेच्या सभागृहात सुनावणी होती. टॉवर हवा की नको, लोकांचं म्हणणं ऐकायचं होतं. सगळी वसाहत लोटली. कंपनीच्या माणसाने एक यादी आणली होती. तिथला कारकून ती वाचायला उभा राहिला.

"टॉवरला आमची पूर्ण संमती आहे, असं लिहून देणाऱ्या नागरिकांची नावं वाचतो."

यादी धडधडीत बनावट होती. पहिली दोन माणसं वारून पाच वर्षं झाली होती. तिसरा गाव सोडून गेला होता. अण्णा खुर्चीत पुढे सरकून बसले, एक नाव जरी समोर बसलेल्या माणसाचं निघालं, की उठून खोटेपणा उघडा पाडायचा, या बेताने.

"यादोबा गुणाजी शेलमोहकर!"

अण्णांचा चेहरा उजळला. ते उठले. त्यांनी बोट उगारलं. पण त्यांच्या तोंडातून शब्द फुटायच्या आत मागच्या रांगेतून एक हात थेट वर गेला.

"हजर!"

सगळ्या सभागृहाच्या माना मागे वळल्या. कारकुनालासुद्धा हे अपेक्षित नव्हतं. खात्री करून घ्यावी म्हणून त्याने पुन्हा विचारलं, "म्हणजे तुम्हीच ना, यादोबा शेलमोहकर?"

"हजर!" यादोबा आणखी मोठ्याने म्हणाला आणि या वेळी त्याने दोन्ही हात वर केले.

कारकुनाने नावापुढे बरोबरची खूण केली. दोनदा.

प्रभुणे बाईंनी हे ऐकलं तेव्हा त्या जेवत होत्या. त्यांनी ताट बाजूला सारलं.

"यादोबा, ऐका. यापुढे कोणी काहीही म्हणो, काहीही विचारो, एकच उत्तर द्यायचं. मला मान्य नाही, माझी हरकत आहे, लेखी द्या. पाठ करा."

यादोबाने पाठ केलं. घरी जाईपर्यंत सायकलच्या प्रत्येक पॅडलला तो ते म्हणत होता.

त्या रविवारी अण्णांच्या मुलीचा साखरपुडा होता. झगडे विसरून सगळे नटूनथटून जमले. नवऱ्या मुलाच्या मामांनी सुपारी हातात घेतली आणि म्हणाले, "तर मंडळी, लग्न मे महिन्यात, आमच्या दारी. सगळ्यांना मान्य?"

यादोबा उभा राहिला. "मला मान्य न्हाई. माझी हरकत हाय. लेखी द्या."

मुलाच्या आईच्या हातातला पेढ्यांचा डबा खाली पडला. मामांनी सुपारी खिशात ठेवली. हा माणूस कोण, मुलीचा आणि याचा काय संबंध, आधी कुठे काही ठरलं होतं का, हे सगळं निस्तरता निस्तरता अण्णांना संध्याकाळ झाली. लग्न मोडता मोडता राहिलं. अण्णा चार दिवस यादोबाशी बोलले नाहीत. पाचव्या दिवशी बोलावंच लागलं, कारण तारीख आली होती आणि साक्ष यादोबाची होती.

यादोबाला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं केलं. प्रभुणे बाई गोड हसल्या. सोपे प्रश्न होते, आणि शिवाय आपलाच माणूस.

"तुमचं नाव यादोबा गुणाजी शेलमोहकर?"

"मला मान्य न्हाई."

बाईंचं हसू थोडं आक्रसलं. "तुम्ही नव्या वसाहतीत राहता?"

"माझी हरकत हाय."

"टॉवर तुमच्या घरापासून चार फुटांवर आहे?"

"लेखी द्या."

"यादोबा!" बाई दातांवर दात दाबून म्हणाल्या. "अहो, मी तुमची वकील आहे!"

"मला मान्य न्हाई."

कंपनीचे वकील जागचे उठलेसुद्धा नाहीत. बसल्या बसल्या म्हणाले, "मला उलटतपासणी घ्यायची नाही, साहेब. बाईंनी माझं सगळं काम केलंय."

न्यायाधीश साहेबांनी ओठावरचं हसू हाताने झाकलं आणि पुढे वाकून विचारलं, "यादोबा, तुमची नेमकी हरकत कशाला आहे?"

"तुम्ही आत्ता इचारलंत, त्यालाच."

खालचा कारकून रजिस्टरमध्ये तोंड खुपसून हसत होता. साहेब म्हणाले, या माणसाच्या तोंडून काही कळायचं नाही, जागेवर जाऊनच बघायला हवं. त्यांनी कोर्ट कमिशनर नेमला. म्हणजे कोर्टाच्या वतीने जागा बघून अहवाल देणारा माणूस.

"यादोबा, ऐका." बाईंचा आवाज आता बसला होता. "ते हरकतीचं आता बंद. कमिशनर साहेब घर बघायला येतील. त्यांना सगळं दाखवायचं. काही म्हणजे काही लपवायचं नाही."

"बरं बाईसाहेब."

कमिशनर साहेब सकाळी दहाला आले. तरुण वकील, हातात टेप, गळ्यात कॅमेरा. टॉवर आणि भिंत यांच्यातलं अंतर मोजायचं आणि परत जायचं, एवढंच काम. पण यादोबाने त्यांना दारातच धरलं.

"या साहेब. ह्या चपला. ही माझी, ही हौसाची. हिचा अंगठा तुटलाय."

"टॉवर कोणत्या बाजूला आहे?"

"दावतो की. समदं दावतो. ही ट्रंक." यादोबाने ट्रंक उघडली आणि एकेक कपडा झटकून दाखवला. मग गादी उलटी केली. मग देव्हाऱ्याचा खण ओढला. मग कपाटामागे हात घालून एक पुडी काढली आणि साहेबांच्या तळहातावर ठेवली.

"ही माझी तंबाखू. हौसापास्नं लपवल्याली."

"आँ?" हौसा पडवीतून आत आली. "तुम्ही तर देवाम्होरं शपथ घेतली व्हती!"

"थांब, तुजं बी दावतो." यादोबाने तांदळाच्या डब्यात कोपरापर्यंत हात घातला आणि बुंदीच्या लाडवांची पिशवी बाहेर काढली. "साहेब, ह्ये हिनं माझ्यापास्नं लपवलंय. मला वाटतं म्हयना झाला."

हौसाचा चेहरा लालभडक झाला. कमिशनर साहेबांनी घाम पुसला. बारा वाजले, एक वाजला. भाकरीचा तवा झाला, फुटकी किसणी झाली, लग्नातला फोटो झाला. साहेब हात जोडून म्हणाले, "अहो, आता मला फक्त भिंत दाखवा."

"दावतो साहेब. पर लोणच्याच्या बरण्या ऱ्हायल्यात."

फडताळात नऊ बरण्या होत्या. यादोबाने एकेक उतरवली, झाकण काढलं, वास दिला. कैरी, लिंबू, भोकर. नववी बरणी उचलली आणि तो तिथेच थांबला.

मागे भिंतीला तडा होता. फडताळापासून थेट जमिनीपर्यंत. बोट आत जात होतं. पलीकडचा टॉवरचा पाय त्यातून दिसत होता.

हे यादोबालाही ठाऊक नव्हतं. त्याने तड्यावरून हलकेच हात फिरवला. ही भिंत त्याने स्वतः रचली होती. कमिशनर साहेबांनी टेप लावली, फोटो काढले आणि जाताना दोन लाडू मागून घेतले.

अहवाल वाचून न्यायाधीश साहेब गंभीर झाले. खड्ड्याच्या हादऱ्याने शेजारचं घर तडकलेलं दिसत होतं. पुढच्या तारखेला सकाळी अकरा वाजता त्यांनी हुकूम दिला, निकाल लागेपर्यंत जैसे थे. टॉवरचं काम बंद!

पायऱ्यांवर बाईंनी यादोबाचा हात हातात घेतला. त्यांना खरंच आनंद झाला होता, म्हणून त्यांच्याकडून घाई झाली.

"यादोबा, जैसे थे म्हणजे जे आज अकरा वाजता जसं होतं, ते तसंच राहिलं पाहिजे. काडी इकडची तिकडे होता कामा नये. कोणी हात लावला, तर ही हुकमाची प्रत त्याच्या नाकासमोर धरायची!"

"बरं बाईसाहेब. ध्यानात ठेवतो."

घरी आला तर हौसा वर बघत उभी होती. सकाळी घरात कोणी नसताना वारा सुटला होता आणि दोरीवरची तिची हिरवी इरकली साडी उडून टॉवरच्या दुसऱ्या टप्प्यावर अडकली होती. माहेरची साडी. हौसाने काठी आणली, स्टूल आणलं.

"थांब!" यादोबा ओरडला. "साडी किती वाजता उडाली?"

"शेजारच्या सुमनकाकू म्हणल्या, साडेदहाला."

"हुकूम अकराला झाला. साडी आधीची हाय." त्याने प्रत तिच्या नाकासमोर धरली. "जैसे थे."

"अवो, साडी हाय ती माझी!"

"काडी बी हलवायची न्हाई."

हौसाने कपाळावर हात मारला आणि ती आत गेली. थोड्या वेळाने दूध उतू गेलं. ते यादोबाने उतू जाऊ दिलं, कारण सकाळी अकरा वाजता गॅसजवळ कोणी नव्हतं.

साडी टॉवरवर अकरा दिवस फडफडत राहिली. तिसऱ्या दिवशी पलीकडच्या वस्तीतली एक म्हातारी तिथे नारळ फोडून गेली. पाचव्या दिवशी चार बायका ओटी घेऊन आल्या. लोखंडाच्या देवीने वर हिरवं वस्त्र पांघरलंय, अशी बातमी पसरली होती. आठव्या दिवशी कोणीतरी टॉवरच्या चारी पायांना हळदीकुंकू लावलं. कंपनीचा वॉचमन प्रसाद खाऊन खाऊन सुटला. अकराव्या दिवशी एका बाईने हौसालाच विचारलं, "काकू, ह्या देवीचा वार कोणता?"

मग मात्र हौसाने यादोबाला मनगटाला धरून वकीलबाईंच्या ऑफिसात नेलं.

बाईंनी सगळं ऐकून घेतलं. पाणी मागवलं. प्यायल्या. मग एखाद्या लहान मुलाला समजावतात तशा, शब्द सुटा सुटा करून बोलल्या.

"यादोबा, ऐका. टॉवर कंपनीचा. त्याला तुम्ही बोट लावलंत, तर तो गुन्हा. पण साडी तुमची. आपली वस्तू त्यांच्या वस्तूला नडत असेल, तर आपली आपण मुकाट्याने काढून घ्यायची. त्याला कोणाला विचारावं लागत नाही. आलं लक्षात?"

"आपली आपन काढायची. त्यांच्याला बोट लावायचं न्हाई."

"शाबास!"

यादोबाने घरी जाऊन शिडी लावली आणि टॉवरला बोटही न लावता, काठीला आकडा बांधून साडी अलगद काढली. एक दोरा निघाला नाही. बाईंना निरोप गेला तेव्हा त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. पहिल्यांदाच सांगितलेलं नीट झालं होतं.

उन्हाळ्याची सुट्टी लागायच्या आदल्या दिवशी निकाल लागला. न्यायाधीश साहेबांनी वाचून दाखवलं. टॉवर घराच्या इतक्या जवळ चालणार नाही. टॉवर आणि वादीचं घर यांच्यात पन्नास फुटांचं अंतर हवं, पंधरा दिवसांत कंपनीने तशी व्यवस्था करावी, नाही तर टॉवर उतरवावा. कोर्टात टाळ्या पडल्या. पट्टेवाल्याने गप्प बसा म्हणताना स्वतःही एक वाजवली.

बाईंना त्याच संध्याकाळी लेकीकडे जायचं होतं. गाडी धरायच्या घाईत त्या पायऱ्या उतरता उतरता म्हणाल्या, "यादोबा, जिंकलो! आता पंधरा दिवसांत टॉवर आणि घराच्या मध्ये पन्नास फूट मोकळं दिसलं पाहिजे. सोळाव्या दिवशी कोर्टाचा बेलीफ टेप घेऊन येणार. इंचभर कमी भरलं, तर कोर्टाचा अवमान. तुरुंगच!"

त्या कंपनीबद्दल बोलत होत्या. पण ऐकत होता यादोबा.

हौसाचा जीव भांड्यात पडला. दाव्याच्या पायी कित्येक महिने ती माहेरी गेली नव्हती. तिने पिशवी भरली आणि पंधरा दिवसांसाठी भावाकडे निघून गेली.

यादोबा वाट बघत बसला. पहिला दिवस गेला, पाचवा गेला, कंपनीचं कुत्रंही फिरकलं नाही. वॉचमनही सुट्टीवर गेला होता. यादोबा रोज सकाळी टेप लावायचा. चार फूट. सहाव्या दिवशी चार फूट. आठव्या दिवशीही चारच फूट. टॉवर स्वतःहून सरकायची काही चिन्हं दिसेनात.

नवव्या दिवशी यादोबा विचार करायला बसला. एरवी तो विचार करायला बसला, की हौसा त्याला हाक मारून उठवायची. पण हौसा भावाकडे होती.

अंतर तर झालंच पाहिजे, नाही तर तुरुंग. टॉवर सरकवावा, तर तो कंपनीचा. बोट लावलं तर गुन्हा. मग मध्ये नडतंय काय? घर. घर कोणाचं? आपलं. आणि आपली वस्तू नडत असेल, तर...

यादोबा टुणकन उठला. इतकं सोपं होतं आणि आपण आठ दिवस फुकट घालवले, याचं त्याला हसू आलं.

त्याने आधी सामान समाजमंदिरात नेऊन ठेवलं. मग पत्रे उतरवले. मग स्वयंपाकघर. गवंडी तो! भिंत पाडली म्हणावं, तर धूळसुद्धा उडाली नाही. एकेक वीट सोडवून, माती झटकून, शंभरशंभरचे चट्टे रचले. टेप लावली. चौदा फूट! यादोबाला हुरूप आला.

अण्णा लग्नाच्या पत्रिका वाटत चालले होते. थांबले. "काय यादोबा, दुरुस्ती काढली वाटतं?"

"व्हय अण्णा. कोर्टाचा हुकूम हाय."

"वा! तडा बुजवायलाच हवा," अण्णा म्हणाले आणि पुढे गेले. लग्नघरात काय कमी कामं असतात? पुढे आठवडाभर ते त्या बाजूला आले नाहीत. बाकीची निम्मी वसाहत सुट्टीला गावी गेली होती, आणि उरलेल्या निम्म्यांना वाटलं, यादोबा दावा जिंकल्यावर नवं घर बांधतोय.

पुढची खोली उतरवली. सव्वीस फूट. पडवी उतरवली. चौतीस फूट. आणि यादोबा थबकला. उतरवायला आता काही उरलंच नव्हतं, आणि पन्नास तर भरायला हवे होते. शिवाय बेलीफ मोजणार कुठून कुठपर्यंत? कोर्टाने घरापासून म्हटलंय. घर तर पाहिजेच!

त्याने पुढच्या दाराची चौकट उचलली, रस्त्याच्या कडेला नेली, खड्डा घेतला, ओळंबा लावून उभी केली. दार बसवलं, कडी घातली. वर तोरण बांधलं. टेप लावली. पन्नास फूट दोन इंच. दोन इंच त्याने कोर्टाचा मान म्हणून ठेवले होते.

पंधराव्या दिवशी, म्हणजे अगदी शेवटच्या दिवशी, कंपनीचा इंजिनियर क्रेन घेऊन टॉवर उतरवायला आला. त्याने इकडे बघितलं, तिकडे बघितलं.

"इथलं घर कुठे गेलं?"

"त्ये काय." यादोबाने रस्त्याकडे बोट दाखवलं. "मोजून घ्या."

इंजिनियरने मोजलं. मग साहेबाला फोन लावला. साहेबाने त्याला तीनदा विचारलं, तू उन्हात किती वेळ उभा आहेस? मग फोटो मागवला. मग फोनवरच मोठमोठ्याने हसायचा आवाज आला, आणि क्रेन आल्या वाटेने परत गेली. उतरवायची गरजच उरली नव्हती.

सोळाव्या दिवशी बेलीफ आला. सरळ माणूस. त्याला सांगितलं होतं अंतर मोजायला, त्याने अंतर मोजलं. टॉवर ते घर, पन्नास फूट दोन इंच. हुकमाची तामिली झाली. यादोबाने खाली झोकात सही केली. दुपारी कंपनीची माणसं तिसरा टप्पा चढवायला लागली.

आणि तेवढ्यात रिक्षातून हौसा उतरली. एका हातात पिशवी, दुसऱ्या हातात माहेरचं दह्याचं मडकं. समोर तिचंच दार होतं. तीच कडी, तेच तोरण. सवयीने तिने कडी काढली, दार ढकललं, उंबऱ्याला पाय लागू न देता आत पाऊल टाकलं आणि उघड्या उन्हात उभी राहिली. समोर नुसतं मोकळं रान, आणि त्याच्या टोकाला टॉवर. वर दोन माणसं नट आवळत होती.

टॉवरचं काम पुन्हा सुरू झाल्याचं ऐकून अण्णा धापा टाकत आले होते. त्यांनी डोक्याला हात लावला.

"माझं घर कुठाय?" हौसाने विचारलं.

"रचून ठेवलंय," यादोबा विटांच्या चट्ट्यांवरून कौतुकाने हात फिरवत म्हणाला. "एक वीट फुटू दिली न्हाई. आगं, जिंकलो आपण! बेलीफानं सही घेतली माझी!"

हौसाच्या हातातलं मडकं खाली पडलं. दही मातीत पसरलं. तिने टॉवरवरच्या त्या दोन माणसांकडे पाहिलं आणि पदर खोचला.

"कुनी पाडलं? ह्या कंपनीच्या मुडद्यांनी?"

आता मात्र यादोबाला राग आला. त्याने टोपी सरळ केली आणि छाती पुढे काढली.

"कंपनीच्या मानसांनी? माझ्या देखत? आगं, एकाला बोट लावू दिलं न्हाई म्या घराला! समदं घर म्या एकट्यानं पाडलंय!"